थांबण्याचा हक्क आणि परतण्याचा हक्क : घरी राहणाऱ्या आईविषयी काही प्रश्न

‘आमच्या मिसेस काही करत नाहीत, घरीच असतात.’

आमच्या समाजातल्या कुठल्याही मंगल परिणयात, नामकरणाच्या कार्यक्रमात किंवा वधू-वर मेळाव्यात हे वाक्य हमखास कानावर पडते. बोलणारा बहुधा सरकारी खात्यातला, बँकेतला किंवा कंपनीतला आमचाच बांधव असतो. घरात एक वर्षाचे आणि चार वर्षांचे अशी दोन मुले असतात. पहाटे पाचला उठून रात्री अकराला पाठ टेकणारी बाई ‘काही करत नाही’ हे धडधडीत असत्य तो सहज बोलून जातो. ‘घरीच असतात’ म्हणताना मात्र त्याच्या आवाजात थोडा अभिमान असतो. माझ्या आईला दुसऱ्याच्या घरी जाऊन राबावे लागले, माझ्या बायकोला लागत नाही, असा तो अभिमान आहे.

या अभिमानाची आम्ही टर उडवणार नाही. त्यामागे तीन पिढ्यांचा घाम आहे. पण तो तपासला पाहिजे. कारण सध्या चोहीकडून एकच सूर लागला आहे. नोकरी सोडून मुलांसाठी घरी थांबलेल्या आईचे व्हिडिओ मोबाईलवर लाखो लोक पाहतात. लख्ख स्वयंपाकघर, सजवलेला डबा, हसरे मूल, आणि खाली आईपणाचे गोडवे. त्या व्हिडिओत ओटा कोणी घासला, फरशी कोणी पुसली, ती बाई कधी दिसत नाही. ती कुठल्या वस्तीतून येते आणि तिचे मूल त्या वेळी कोणापाशी असते, हा प्रश्न तर कोणाच्या मनातही येत नाही. आम्हाला नेमका तोच प्रश्न विचारायचा आहे.

घरी राहायला आधी घर लागते

१८५५ साली फुले दांपत्याच्या शाळेत शिकणाऱ्या मुक्ता साळवे या मांग समाजातल्या मुलीचा निबंध ‘ज्ञानोदय’मध्ये छापून आला. मांग-महारांच्या दुःखाविषयीच्या त्या निबंधात तिने आपल्या बायकांच्या बाळंतपणाचे दुःख मांडले आहे. बाळंत होणाऱ्या बाईच्या डोक्यावर छप्परसुद्धा नसते, थंडी-पावसात तिचे काय हाल होत असतील, हे स्वतःच्या अनुभवावरून ओळखा, असे ती वाचकाला सांगते. आईपणावर मराठीत पुष्कळ लिहिले गेले. पण ‘घर’ हा शब्द गृहीत धरता येत नाही, हे एका शाळकरी मुलीने पावणेदोनशे वर्षांपूर्वी लिहून ठेवले.

या देशात बाईने घरात राहणे हा कधीच केवळ तिच्या आवडीचा मामला नव्हता. उंबरठ्याच्या आत राहणारी बाई ही वरच्या जातीच्या प्रतिष्ठेची खूण होती. शेतात, खाणीत, गिरणीत, रस्त्याच्या खडीवर, दुसऱ्याच्या अंगणात राबणारी बाई ही खालच्या जातीची खूण होती. पहिलीला बाहेर पडायची मुभा नव्हती आणि दुसरीला घरी थांबायची सोय नव्हती. बाबासाहेबांनी १९१६ साली कोलंबिया विद्यापीठात वाचलेल्या जातीविषयक निबंधात दाखवून दिले की जातीची व्यवस्था जातीअंतर्गत विवाहावर उभी आहे, आणि ती टिकवण्यासाठी सती, सक्तीचे वैधव्य आणि बालविवाह या मार्गांनी स्त्रीवर ताबा ठेवला गेला. म्हणून ‘चांगल्या घरची बाई घरात असते’ हे वाक्य आमच्या तोंडी येते तेव्हा आम्ही प्रतिष्ठेचे माप कोणाच्या दुकानातून आणले, हे विचारावेच लागते.

कोणाच्या जिवावर कोण घरी?

मुंबई-पुण्याच्या कुठल्याही मोठ्या सोसायटीच्या फाटकाशी सकाळी सात वाजता उभे राहून पाहा. शेजारच्या वस्तीतून बायकांची रांग आत शिरते. कोणी पोळ्या लाटते, कोणी भांडी घासते, कोणी दिवसभर दुसऱ्याचे बाळ सांभाळते. त्यांत बौद्ध, मातंग, चर्मकार, भटक्या-विमुक्त, आदिवासी आणि मुस्लिम बायका किती आहेत, हे ज्याला डोळे आहेत त्याला दिसते. आत फ्लॅटमध्ये एक आई मुलासाठी नोकरी सोडून घरी आहे, किंवा नोकरी टिकवून आहे. दोन्ही शक्य होते, कारण बाहेरून आलेली दुसरी आई स्वतःचे मूल मागे ठेवून आली आहे.

तिचे मूल कोणापाशी असते? आजी असेल तर आजीपाशी. नसेल तर दहा-अकरा वर्षांच्या मोठ्या बहिणीपाशी. ‘घरी राहणारे पालक’ या विषयावर बोलताना आम्ही या मुलीला विसरतो. आमच्या वस्त्यांमध्ये खरी घरी राहणारी पालक ती आहे. कडेवर भाऊ घेऊन ती शाळेच्या वेळेत नळावर उभी असते. हजेरीपटावर तिच्या नावापुढे गैरहजर लिहिले जाते आणि पुढे कधीतरी गळती झालेल्या मुलींच्या आकड्यात ती मोजली जाते. ती शाळेतून का गळाली, याचे उत्तर तिच्या कडेवर होते.

ऊसतोडीचे उदाहरण याहून बोलके आहे. बीड आणि आसपासच्या जिल्ह्यांतून दरवर्षी दिवाळीच्या सुमारास लाखो मजूर पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातात. तिथे नवरा-बायकोची जोडी मिळून एक ‘कोयता’ मोजतात. उचल जोडीला मिळते, हिशेब जोडीचा होतो, आणि पैसा नवऱ्याच्या हातात पडतो. तान्हे मूल उसाच्या फडाच्या बांधाला झोळीत असते. ही बाई घरीही नाही आणि तिच्या नावावर मजुरीही नाही. पाळी आणि बाळंतपण म्हणजे बुडालेला दिवस आणि वरून खाडा. २०१९ साली बीडच्या ऊसतोड कामगार बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न विधिमंडळात गाजला आणि सरकारला चौकशी समिती नेमावी लागली. आईपणाचे गोडवे गाणाऱ्या समाजात बाईला मजुरी टिकवण्यासाठी गर्भाशय काढून टाकण्याची पाळी येते. यावर ज्यांना लेख लिहावासा वाटत नाही, त्यांनी मातृत्वावर कविता लिहू नयेत.

‘काही करत नाही’ हे खरे नाही

आता त्या ‘काही करत नाही’कडे येऊ. केंद्र सरकारने २०१९ साली देशभर वेळेच्या वापराची पाहणी केली. सहा वर्षांवरील स्त्रियांपैकी ८१ टक्क्यांहून अधिक स्त्रिया रोज बिनपगारी घरकाम करत होत्या. पुरुषांमध्ये हे प्रमाण जेमतेम २६ टक्के होते, म्हणजे चारांत एक. जी स्त्री घरकाम करते ती दिवसाला सरासरी २९९ मिनिटे करते. जो पुरुष करतो तो ९७ मिनिटे. मुलांची, म्हाताऱ्यांची, आजाऱ्यांची देखभाल त्यात धरलेली नाही. ती वेगळी मोजली, आणि तिथेही स्त्रीची १३४ मिनिटे निघाली, पुरुषाची ७६.

एवढे काम होऊनही सरकारी दफ्तरात ही बाई ‘काम न करणारी’ असते. २००१ च्या जनगणनेत घर सांभाळणाऱ्या बायकांना भिकारी, वेश्या आणि कैदी यांच्याबरोबर उत्पादक काम न करणाऱ्यांच्या गटात टाकले गेले होते. २०१० साली अरुण कुमार अग्रवाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने यावर कडक शब्दांत नापसंती व्यक्त केली. हा खटला अपघातात दगावलेल्या गृहिणीच्या नुकसानभरपाईचा होता. जानेवारी २०२१ मध्ये अशाच दुसऱ्या खटल्यात न्यायालयाने पुन्हा गृहिणीच्या कामाचे मोल मान्य केले. त्या निकालात २०११ च्या जनगणनेचा आकडा दिला आहे : घरकाम हाच मुख्य व्यवसाय सांगणाऱ्या स्त्रिया सुमारे १५ कोटी ९८ लाख आणि पुरुष सुमारे ५७ लाख ९० हजार. म्हणजे सत्तावीस-अठ्ठावीस बायकांमागे एक बाप्या.

यातली विटंबना लक्षात घ्या. या देशात गृहिणीच्या कामाची किंमत रुपयांत ठरते ती प्रामुख्याने ती गाडीखाली आल्यावर, नुकसानभरपाईच्या अर्जात. जिवंतपणी ती ‘काही करत नाही’.

बाबासाहेबांनी हा प्रश्न कुठे नेला?

मुलाच्या जन्माचा आणि संगोपनाचा भार कोणी उचलायचा, हा प्रश्न बाबासाहेबांनी घराच्या चार भिंतींतून उचलून विधिमंडळात नेला. १९२८ साली मुंबई कायदे मंडळात गिरणी कामगार स्त्रियांच्या प्रसूतिकालीन लाभाचे विधेयक आले, तेव्हा त्यांनी त्याला पाठिंबा दिला. बाळंतपणाआधी आणि नंतर आईला विश्रांती मिळणे हे राष्ट्राच्या हिताचे आहे आणि म्हणून या खर्चाचा मोठा वाटा सरकारने उचलला पाहिजे, असे त्यांचे म्हणणे होते. १९२९ साली तो कायदा झाला. १९३८ साली त्यांच्या पक्षाच्या वतीने संततिनियमनाचा ठराव त्याच मुंबईच्या विधिमंडळात मांडला गेला. कारण बाईला किती वेळा बाळंत व्हायचे हे ठरवता आले नाही तर तिला बाकीचे काहीच ठरवता येत नाही. १९४२ च्या जुलैमध्ये नागपूरच्या महिला परिषदेत त्यांनी समाजाची प्रगती स्त्रियांच्या प्रगतीवरून मोजतो असे सांगितले, आणि बायकोने नवऱ्याची मैत्रीण म्हणून, बरोबरीने उभे राहावे असे बजावले. त्यानंतर काही दिवसांतच ते व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात मजूर मंत्री झाले आणि खाणीत काम करणाऱ्या स्त्रियांच्या प्रसूती लाभाच्या कायद्यात दुरुस्त्या केल्या.

या सगळ्यामागचे सूत्र साधे आहे. मूल जन्माला येते ते एका घरात, पण वाढते ते समाजासाठी. त्याचा खर्च एकट्या आईच्या अंगावर टाकायचा आणि वर तिला देवी म्हणायचे, हा व्यवहार बाबासाहेबांनी मान्य केला नाही.

आम्ही मात्र तोच व्यवहार रमाईंच्या बाबतीत करतो, असे खेदाने म्हणावे लागते. २७ मे आला की ‘त्यागमूर्ती’ म्हणून भाषणे होतात. रमाईंनी शेणाच्या टोपल्या डोक्यावर वाहून संसार चालवला, हे त्यांनी स्वतः ‘बहिष्कृत भारत’मध्ये लिहून ठेवले आहे. पाच लेकरांपैकी चार लेकरे त्या माउलीने गमावली. पाकिस्तानविषयीचा ग्रंथ बाबासाहेबांनी तिच्या स्मृतीला अर्पण केला, तो ऋण मान्य करण्यासाठी. आम्ही त्या ऋणाचा उपदेश करून टाकला. सुनेला सांगतो, रमाईने किती सोसले, तुला एवढे होत नाही? रमाईंच्या आयुष्याचा धडा असा नाही. पैसा, औषध आणि आधार नसल्यामुळे कुठल्याही आईची चार लेकरे जाऊ नयेत, हा तो धडा आहे.

आमच्या शिकलेल्या मुलींचे काय होते?

आता आमच्या मध्यमवर्गाकडे. आम्ही पाहिलेले हे चित्र किती घरांत जुळते ते वाचकांनीच ताडून पाहावे. आजी दुसऱ्याच्या शेतावर मजुरीला. आई चार घरची धुणीभांडी करणारी. मुलगी एम.ए., बी.एड. किंवा इंजिनिअर. वसतिगृह, शिष्यवृत्ती, राखीव जागा, असे करत घरातली ती पहिली पगारदार बाई. लग्नाच्या वेळी परिचयपत्रात ‘नोकरी करणारी हवी’ असे लिहिलेले असते, कारण फ्लॅटचा हप्ता दोन पगारांत फिटतो. पहिले मूल होते. सासू गावी किंवा आजारी. पाळणाघराची फी अर्धा पगार खाते. नोकरी कंत्राटी असेल तर कंत्राटदार बाळंतपणाचे नाव काढताच करार संपवतो. नवऱ्याची बदली होते आणि तिची होत नाही. मग एका रात्री ठरते, ‘तू थांब काही दिवस घरी.’ ते काही दिवस कधी संपत नाहीत. दहा वर्षांनी ती नोकरीच्या शोधात निघते तेव्हा वयाची अट उलटून गेलेली असते.

या मुलीला आम्ही दोष देत नाही. ‘तिने नोकरी सोडली’ असे म्हणण्यापेक्षा तिच्यासमोरची बाकीची दारे एकेक करून बंद झाली, असे म्हणावे. पण हा तिच्या घरचा खासगी मामला आहे, असेही आम्ही मानत नाही. ती ज्या खुर्चीवर पोहोचली होती ती खुर्ची चळवळीने मिळवलेली होती. ती रिकामी होते तेव्हा तिच्या मागून येणाऱ्या दहा मुलींना दिसणारी वाट बुजते.

इथे एक आक्षेप येतो आणि तो प्रामाणिक आहे. ‘आमच्या आयांनी आयुष्यभर दुसऱ्यांची पोरे खेळवली. आता आमच्या बायकांना स्वतःच्या पोरापाशी निवांत बसता येते, तर तुम्हाला का खुपते?’ आम्हाला ते मुळीच खुपत नाही. ज्या समाजातल्या आयांना आपल्याच लेकराला वेळेवर पाजायची सवड मिळाली नाही, त्या समाजातल्या बाईला लेकरापाशी थांबावेसे वाटणे हा तिचा हक्क आहे. आमची तक्रार एवढीच आहे की आज तिला थांबता येते, पण परतता येत नाही. थांबल्यावर तिच्या हातात पैसा राहत नाही, पेन्शन राहत नाही, घराच्या कागदावर नाव राहत नाही. नवऱ्याने उद्या हात वर केले तर ती पुन्हा आईच्याच वस्तीत जाऊन पोहोचते. परतीची वाट नसेल तर थांबणे ही निवड राहत नाही. त्याला अडकणे म्हणतात.

‘मुलाला आईच लागते’

दुसरा आक्षेप भावनेचा आहे. मुलाला आईच लागते, बाकी कोणी चालत नाही. याचे उत्तर आमच्याच इतिहासात आहे. जोतिबा फुले लहान असतानाच त्यांची आई चिमणाबाई गेली. त्यांना वाढवले सगुणाबाई क्षीरसागर यांनी. बाबासाहेबांची आई भीमाबाई गेली तेव्हा ते जेमतेम पाच वर्षांचे होते. त्यांना सांभाळले आत्या मीराबाईंनी. काशीबाई नावाच्या ब्राह्मण विधवेचा मुलगा सावित्रीबाई-जोतिबांनी दत्तक घेतला, तोच डॉक्टर यशवंत. आणि त्याला वाढवणारी सावित्रीबाई घरी बसलेली आई नव्हती. तिने शाळा चालवल्या, अनाथ-विधवांचे घर चालवले, आणि १८९७ च्या प्लेगमध्ये रोग्यांची सेवा करताना तिचा मृत्यू झाला. आधुनिक महाराष्ट्र ज्यांनी घडवला ती माणसे जन्मदात्या आईखेरीज इतरांच्या हातांनी वाढली. मुलाला माया लागते, वेळ लागतो, भरवणारा हात लागतो. तो हात बापाचाही असू शकतो.

बापाविषयी बोलायला आमच्याकडे फारशी कोणाची तयारी नसते. घरी राहणारा नवरा हिंदी सिनेमात २०१६ साली ‘की अँड का’मध्ये आला, लोकांनी गंमत म्हणून पाहिला आणि विसरून गेले. आमच्या ओळखीच्या एका कुटुंबात बायको सरकारी रुग्णालयात परिचारिका आहे, तिला रात्रपाळी असते. नवऱ्याचे कंत्राटी काम सुटले. दोघांनी विचार करून ठरवले की तीन वर्षे तो मूल सांभाळेल. मूल छान वाढले, बायकोला बढती मिळाली. त्या माणसाला त्रास झाला तो घरकामाचा नाही. तो झाला चौकातल्या मित्रांचा. ‘काय वहिनी, आज भाजी काय?’ असे त्याला हाक मारून विचारले जाई. विचारणारे जयंतीच्या मिरवणुकीत पुढे असणारेच कार्यकर्ते होते. समता म्हणजे फक्त वरच्या जातीकडून घ्यायची वस्तू, खाली आणि घरात द्यायची नाही, अशी ज्यांची समजूत आहे त्यांना आम्ही आंबेडकरवादी कसे म्हणावे?

कायदाही बापाला मोकळाच सोडतो. केंद्र सरकारी कर्मचाऱ्याला पंधरा दिवसांची पितृत्व रजा आहे. खासगी क्षेत्रातल्या बापाला कायद्याने एक दिवसही नाही. आईला २०१७ च्या दुरुस्तीने २६ आठवड्यांची पगारी रजा मिळाली आणि पन्नास किंवा अधिक कामगारांच्या आस्थापनेला पाळणाघराची सक्ती झाली. चांगलेच झाले. पण घरकामगार, कचरावेचक, वीटभट्टीवरची, फडावरची बाई यात कुठे बसते? २०१३ च्या अन्न सुरक्षा कायद्याने प्रत्येक गरोदर आणि स्तनदा मातेला किमान सहा हजार रुपये देऊ केले. प्रत्यक्षात २०१७ ची योजना आली ती पहिल्या अपत्यापुरती आणि पाच हजारांची. पुढे दुसऱ्या अपत्यासाठीही रक्कम आली, पण ती मुलगी असेल तरच. २६ आठवड्यांचा पूर्ण पगार एकीला आणि पाच हजार दुसरीला. बाळंतपणाच्या कळा मात्र दोघींना सारख्याच.

मानधन, ओवाळणी आणि हक्क

शब्दांकडे लक्ष द्या. १९७५ पासून देशातल्या गरिबांची मुले सांभाळणाऱ्या अंगणवाडी सेविकेला पगार मिळत नाही, ‘मानधन’ मिळते. आशाताईंचेही तसेच. का? कारण मूल सांभाळणे हे बाईचे नैसर्गिक काम, त्याला पगार कसला, ही समजूत. म्हणजे घरातल्या आईच्या कामाला किंमत नाही, म्हणून बाहेर तेच काम करणाऱ्या बाईलाही किंमत नाही. सेविका आणि मदतनिसांना ग्रॅच्युइटीचा हक्क आहे हे सांगायलासुद्धा २०२२ साली सर्वोच्च न्यायालय लागले.

महाराष्ट्रात २०२४ पासून बहिणींना दरमहा दीड हजार रुपये मिळू लागले. गरीब बाईच्या खात्यात थेट पैसे येतात याला आमचा विरोध नाही, त्या पैशाने किती घरांत दूध आणि औषध आले हे आम्ही पाहिले आहे. पण नाव पाहा : लाडकी बहीण. बहिणीला भाऊ ओवाळणी देतो, मनात आले तर देतो, रुसला तर बंद करतो. तामिळनाडूने २०२३ साली दरमहा हजार रुपयांची योजना आणली. रक्कम कमी आहे, पण नावातच ‘उरिमै’ म्हणजे हक्क हा शब्द घातला. पेरियारांच्या भूमीत बाईला हक्काची रक्कम मिळते आणि फुले-आंबेडकरांच्या भूमीत ओवाळणी, हे आम्हाला लागायला हवे.

विहाराचे कुलूप उघडा

सरकारकडे मागण्या आहेतच. प्रत्येक वस्तीत आईच्या कामाच्या वेळेइतका वेळ उघडे राहणारे सरकारी पाळणाघर. असंघटित बाईला बाळंतपणाच्या काळात किमान वेतनाइतका भत्ता. बापाला सक्तीची पगारी रजा. मुलांसाठी थांबलेल्या बाईला नोकरभरतीत वयाची सवलत. ऊसतोडीत नवरा आणि बायकोची वेगळी नोंद, वेगळी मजुरी. यासाठी मोर्चे काढू, निवेदने देऊ.

पण सरकार देईपर्यंत आमच्या हातात काय आहे? आमच्या हातात विहारे आहेत. महाराष्ट्रातल्या वस्त्या-वस्त्यांत लोकवर्गणीतून उभी राहिलेली विहारे. फरशी बसवलेली, पंखे लावलेली, नळ असलेली. त्यांतल्या बहुतेकांना आठवडाभर कुलूप असते. रविवारी वंदना, वर्षावासात ग्रंथवाचन, जयंतीला गर्दी. बाकी दिवस किल्ली अध्यक्षांच्या घरी खुंटीला. त्याच विहाराच्या भिंतीला टेकून दहा वर्षांची मुलगी भावाला कडेवर घेऊन उभी असते.

आमचा प्रस्ताव साधा आहे. विहाराचे दार सकाळी सातला उघडावे आणि संध्याकाळी सातपर्यंत तिथे पाळणाघर चालावे. वस्तीतल्याच दोन-तीन बायकांना प्रशिक्षण देऊन नेमावे आणि त्यांना ‘सेवा’ म्हणून न राबवता ठरलेला पगार द्यावा. आई-बापांकडून ऐपतीप्रमाणे फी घ्यावी, कमी पडेल ते समाजातल्या नोकरदारांनी द्यावे. जयंतीला डीजेवर एका रात्रीत जो पैसा जातो त्यातून कित्येक महिन्यांचे दूध आणि एका बाईचा पगार निघतो. सुट्टीच्या दिवशी बापांनी पाळीपाळीने तिथे बसावे, पोरांना भरवावे, शी-शू काढावी. कार्यकारिणीवर पदे भूषवणाऱ्यांनी सुरुवात करावी, म्हणजे चौकातली थट्टा आपोआप बंद होईल.

विहारात पोरे गोंधळ घालतील, पवित्र्य राहणार नाही, असे काही जण म्हणतील. त्यांना आमचे एकच सांगणे : करुणा शिकवणाऱ्याच्या मूर्तीसमोर भुकेले मूल दूध पिऊन शांत झोपले, तर त्या वास्तूचे पावित्र्य वाढतेच.

आणि ज्या बांधवाच्या वाक्याने सुरुवात केली त्याला शेवटचे दोन शब्द. दादा, तुमच्या मिसेस काही करत नाहीत असे पुन्हा म्हणू नका. त्यांना विचारा : ‘तुला थांबायचे आहे की परतायचे आहे?’ त्यांनी ‘थांबायचे’ म्हटले तर पगारातला ठरलेला वाटा त्यांच्या खात्यावर आणि घराच्या कागदावर त्यांचे नाव घाला. ‘परतायचे’ म्हटले तर उद्या सकाळी डबा तुम्ही भरा आणि लेकराला विहारात सोडून मग कामावर जा.

जय भीम!